मोगादिशूची चहावाली

बिर्याणीबरोबर केळं खाणाऱ्या बाईशी माझी जन्माची मैत्री होईल, असं मला कुवेतला यायच्या आधी कुणी सांगितलं असतं, तर मी त्याला वेड्यात काढलं असतं. आम्ही रायगडच्या किनाऱ्यावरची कोकणी मुसलमान माणसं. बाकी कशावरही आमच्याशी वाद घाला, भातावर घालू नका. त्यातून माझा राग कायम नाकावर. शेजारच्या फ्लॅटमध्ये एक सोमाली कुटुंब नवीन राहायला आलं होतं. ईदला त्यांच्याकडे बिर्याणी पाठवली आणि थोड्या वेळानं भांडं आणायला गेले, तर घरची बाई माझ्या बिर्याणीवर केळ्याच्या चकत्या कापत बसलेली. माझं डोकंच फिरलं.

"हे काय चाललंय?" मी मराठीतच ओरडले.

तिनं एक चकती भातासकट तोंडात टाकली, डोळे मिटून चावली आणि हिंदीत म्हणाली, "दीदी, तुम्हारे हाथ में जादू है. बस, केला कम था."

ही हिंदी ती सिनेमे बघून शिकली होती. तिच्या लहानपणी मोगादिशूत घरोघरी हिंदी सिनेमे बघत म्हणे. ती भाषा तिच्या तोंडात अशी बसली होती, की मीठ मागायला दारात आली तरी वाटायचं, आता ही कोर्टात साक्ष देणार. माझी मुलं इथंच वाढली. मी मराठीत विचारलं की ती इंग्रजीत उत्तर देतात. त्यांच्यापेक्षा या बाईशी माझं बोलणं लवकर जमलं.

तिचा नवरा बंदरावर कामाला, माझा अर्दियातल्या एका गोदामात. दोघांचीही घरी यायची वेळ अनिश्चित, त्यामुळे दुपारचा चहा आम्ही दोघी एकत्र घ्यायला लागलो. सुलैबियाच्या भाजीबाजारात जायचं तरी एकत्रच. मी कांदे घासाघीस करून घ्यायचे, ती केळ्यांचा घड भाव न विचारता उचलायची, आणि परतीच्या वाटेवर त्यावरून आमचं भांडण व्हायचं. नमाज आमची सारखी, कारण दोघीही शाफई पंथाच्या. समुद्रानं हिंडणाऱ्या अरबांनी दोन्ही किनाऱ्यांना एकच रीत शिकवली. सकाळच्या नाश्त्याला ती तव्यावर जे करायची, ते पाहून तर मी थक्क झाले. आंबवलेलं पीठ, मधून गोल गोल फिरवत तव्यावर पसरायचं आणि एकाच बाजूनं भाजायचं. ती म्हणायची अंजेरो, मी म्हणायचे घावन. कुणाचं जाळीदार, यावर आजपर्यंत निकाल लागलेला नाही. माझंच जाळीदार असतं, पण ते असो.

तिची आई मोगादिशूत चहाचं दुकान चालवायची. दुकान म्हणजे काय, रस्त्याच्या वळणावर चार खांब, वर पत्रा, कोळशाच्या शेगडीवर मोठं पातेलं आणि बाहेर बाक. चहात वेलची, दालचिनी, लवंग आणि साखर इतकी, की आपल्याकडचा डॉक्टर बघूनच पळेल. आईला ती हूयो म्हणायची; त्यांच्या भाषेत आईला तेच म्हणतात, आणि ऐकून ऐकून मीही तेच म्हणायला लागले. हूयो फोनवर दिसायची ती कायम उभी. बसलेली मी तिला कधी पाहिली नाही. उंच, हाडकुळी, डोक्यावरचा कपडा एका हातानं सावरत दुसऱ्या हातानं कुणाला तरी पेला देत असायची आणि मुलीशी बोलता बोलता गिऱ्हाइकांवर खेकसायची. मला ती पहिल्या दिवसापासून आवडली.

त्या दुकानाची दुसरी बाजू मला खैरानला कळली. एका सुट्टीच्या दिवशी दोन्ही कुटुंबं मिळून खैरानच्या समुद्रावर गेलो होतो. पुरुष मासे भाजत होते, मुलं पाण्यात होती. ती दक्षिणेकडे तोंड करून उभी राहिली आणि मला म्हणाली, "दीदी, मेरा भाई चाय देने गया था." तिचा धाकटा भाऊ आईला दुकानात मदत करायचा. एका संध्याकाळी तो हातात पेल्यांचं ताट घेऊन रस्त्यापलीकडे चहा द्यायला गेला, आणि त्याच वेळी वळणावर स्फोटकांनी भरलेली गाडी फुटली. धर्माचं नाव लावणाऱ्या अतिरेकी टोळीनं ती ठेवली होती. तिथं हॉटेलं, बाजार, समुद्रकाठची खाण्याची दुकानं, जिथं माणसं दिवस मावळल्यावर जरा निवांत बसतात, तीच त्यांनी वेचून वेचून फोडली. आमचाच कलमा ओठांवर आणि रक्त कुणाचं, तर चहा पिणाऱ्यांचं. मला इतका संताप आला, की त्या सुंदर समुद्रासमोर मी मोठमोठ्यानं शिव्या दिल्या. नवरा मासे सोडून धावत आला. त्याला वाटलं, मला जेलीफिश चावला.

भावाला माती दिली आणि मातमचे दिवस संपले, तेव्हा हूयोनं काचा झाडल्या, नवा पत्रा घातला आणि पुन्हा पातेलं चढवलं. त्या गावात हे नवं नाही, मैत्रीण म्हणाली. सगळेच तसं करतात. फुटलेली भिंत लिंपायची, रंग द्यायचा, बाक बाहेर मांडायचे. पण तिच्या स्वतःच्या आईनं ते केलेलं तिला सोसवत नव्हतं. तेव्हापासून दर आठवड्याला मायलेकींचं फोनवर भांडण ठरलेलं. मुलगी म्हणायची, दुकान बंद कर, नाहीतर ते वळण तरी सोड, आत गल्लीत जा. आई म्हणायची, गल्लीत चहा प्यायला कोण येतं? मुलगी रडायची. आई म्हणायची, गिऱ्हाईक आलंय, ठेव फोन. भांडण त्यांच्या भाषेत चालायचं, पण भिंतीपलीकडून मला शब्द कळावे लागत नव्हते. आपल्याकडेही आईला दवाखान्यात न्यायचं म्हटलं की हेच होतं.

तर तो शुक्रवार. सकाळीच ती माझ्या दारात आली. तोंडावर पाणी मारलेलं होतं, पण डोळे लपत नव्हते. आदल्या संध्याकाळी त्याच वळणावर पुन्हा स्फोट झाला होता. आमची आणि मोगादिशूची घड्याळं एकच वेळ दाखवतात, म्हणजे आम्ही इकडे टीव्हीसमोर बसून जेवत होतो त्याच वेळी. हूयोचा फोन लागत नव्हता. शेजाऱ्यांचे फोन लागत नव्हते. एका चुलत्याचा लागला. तो म्हणाला, दुकान रस्त्यावर पडलंय, पत्रा विजेच्या तारांवर लटकतोय, आणि तुझी आई सापडत नाही. एवढं बोलून तोही फोन तुटला.

मी गॅसवरचं दूध बंद केलं आणि तशीच तिच्या घरी गेले. घाईत फोन माझ्या घरी चार्जरलाच राहिला. तो बरोबर असता तर पुढचा गोंधळ झाला नसता. पण झाला ते बरंच झालं, असं आता म्हणते.

त्याचं असं झालं. तिचा नवरा जुम्म्याच्या नमाजाआधी मशिदीत गेला, तिथं आमच्या गावाकडचा एक ड्रायव्हर त्याला भेटला. यानं सांगितलं, सासू सापडत नाही. ड्रायव्हरनं बायकोला सांगितलं, सोमाली शेजाऱ्याच्या सासूचं काही खरं नाही. बायकोनं आमच्या जमातीच्या ग्रुपवर टाकलं, सासू गेली. पराचा कावळा व्हायला आमच्याकडे वेळ लागत नाही. कुवेतमध्ये आमच्या भागातल्या गावांची जमात आहे. कुणाचं लग्न असो, कुणाचा इकामा, म्हणजे राहण्याचा परवाना, अडको, कुणी मरो, जमात हजर. ग्रुपवर धडाधड मयतावर म्हणायचे इन्ना लिल्लाही पडले. कुणाचं कोण, कधी, कसं, हे एकीनंही विचारलं नाही. आमच्या कोकणात मयत झालं म्हणजे आधी भांडी काढायची, मग चौकशी करायची. मयताच्या घरी चूल पेटत नाही, तेव्हा शेजाऱ्यांनी जेवण न्यायचं. ही आमची रीत, आणि खरं सांगायचं तर आमचा अभिमानही. एकीनं भात घेतला, दुसरीनं डाळ, तिसरीनं बटाट्याचं साधं कालवण. गोड काही नाही आणि मसाला बेतानं. दुपार कलायच्या आत सगळं तयार.

आम्ही दोघी तिच्या बैठकीत होतो. ती एकामागून एक नंबर लावत होती. प्रत्येक वेळी फोनमधली तीच बाई त्यांच्या भाषेत तेच वाक्य बोलत होती, की लागत नाही. मी तिच्या पाठीवर हात ठेवून बसले होते. तेवढ्यात बेल वाजली. ती उठून धावली, बातमीच आली असं समजून. मी तिच्या मागे.

दारात म्हसळ्याच्या भाभी. आमच्या जमातीतल्या सगळ्यात वडील, अंगानं भरदार, आवाज त्याहून भरदार. हातात मोठा टोप, वर पांढरं फडकं बांधलेलं. त्यांच्या मागे आमच्या चार-पाच बायका, प्रत्येकीच्या हातात झाकलेलं भांडं, डोक्यावर ओढण्या, नजरा खाली. भाभींनी तोंडानं दुआ पुटपुटली, टोप खाली ठेवला आणि तिला मिठीत घ्यायला हात पसरले.

ती मागं सरकली. तिनं टोपाकडे पाहिलं, पांढऱ्या फडक्याकडे पाहिलं, मग मागच्या भांड्यांकडे. तिच्या किनाऱ्यावरही हीच रीत होती. तिला काही समजावून सांगावं लागलं नाही. तिला वाटलं, जे आपल्याला कुणी सांगत नाही ते या बायकांना कळलंय.

"किसने बताया?" तिनं विचारलं. आवाज असा बारीक, की मी तो पूर्वी ऐकलाच नव्हता. "कब?"

भाभी गोंधळल्या. त्यांनी मागच्या बाईकडे पाहिलं, तिनं तिच्या मागच्या बाईकडे. शेवटच्या बाईच्या मागे फक्त लिफ्ट होती.

"तुम्हाला कुणी सांगितलं?" आता मी कडाडले. "भाभी, कुणी सांगितलं तुम्हाला?"

"अगो, ग्रुपवर आलेलं," भाभी म्हणाल्या. "सगल्यांनी वाचलं."

"सापडत नाही म्हणजे गेली होय? तुम्ही जिवंत बाईचं मयताचं जेवण रांधून आणलंत?" मी त्या दारात जे बोलले ते सगळं इथं लिहिण्यासारखं नाही. भाभी माझ्याहून वडील, त्यांच्यासमोर मी कधी आवाज चढवलेला नव्हता. त्या दिवशी चढवला, आणि टोप उचलून लिफ्टकडे निघाले. भाभींचा चेहरा कोमेजला. त्या वाईट नव्हत्या. सकाळपासून पाय दुखत असताना उभं राहून त्यांनी तो भात केला होता. पण मला तेव्हा कुणाचीही कीव येत नव्हती.

"दीदी, रुको."

मी वळून पाहिलं. ती दारात ताठ उभी होती. म्हणजे कशी, तर फोनवर तिची आई उभी असायची तशी.

"कोई ख़बर नहीं आई?" तिनं भाभींना विचारलं. "सच बोलना."

"नाय बाय," भाभी म्हणाल्या. "खबर काय नाय."

"तो मेरी माँ ज़िंदा है." ती म्हणाली. "अंदर आओ सब. मेरे घर में चूल्हा जलता है."

आणि ती सरळ स्वयंपाकघरात गेली. आदल्या दिवशी तिनं अंजेरोचं पीठ आंबवून ठेवलं होतं, शुक्रवारच्या नाश्त्यासाठी. सकाळपासून त्याच्याकडे कुणी पाहिलंही नव्हतं. तिनं लायटर ओढला. गॅस पेटला. मी तिच्या मागे उभी होते. पहिल्या डावाचं पीठ तव्यावर वेडंवाकडं पसरलं. दुसरं नीट आलं. तिसऱ्याला तिनं मधून गोल गोल फिरवत अशी जाळी पाडली, की मी तोंडाला कुलूप लावलं. तिनं चहाही टाकला, आईसारखाच, वेलची-दालचिनीचा.

बाहेर बायका गालिच्यावर अंग चोरून बसल्या होत्या. त्यांची अडचण मला दिसत होती. मयताच्या घरी शिजलेलं अन्न खायचं नाही, हे आमच्या हाडात भिनलेलं. खाल्लं, तर आपण म्हणतोय की इथं मयत झालेलं नाही. आणि संध्याकाळी खरीच बातमी आली तर? मग आपण त्या बाईच्या घरी मातमच्या दिवशी नाश्ता झोडला, असं होणार. नाही खाल्लं, तर तिच्या तोंडावर सांगायचं की तुझी आई मेली. तिनं ताट मधे ठेवलं, अंजेरोंची चळत, वर तूप आणि साखर. कुणीच हात पुढं केला नाही. ती उभी होती आणि प्रत्येकीच्या चेहऱ्याकडे बघत होती. तिला त्या क्षणी नाश्त्याचं काही पडलेलं नव्हतं. आपल्या आईच्या जगण्यावर आपल्याशिवाय अजून कुणाचा विश्वास आहे का, एवढंच ती बघत होती.

मी पहिला घास घेतला. मग भाभींकडे पाहिलं. भाभींनी डोळे मिटले, बिस्मिल्ला म्हणाल्या आणि एक अख्खा अंजेरो उचलला. त्या नुसत्या खाऊन थांबल्या नाहीत. दोन घास झाल्यावर म्हणाल्या, "चांगला हाय. पण घावन जरा पातळ पायजे."

ती हसली. सकाळपासून पहिल्यांदा. तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ती हसत होती. मग सगळ्यांचे हात पुढं आले. मयताला आलेल्या बायका बघता बघता नाश्त्याला बसल्या आणि पीठ किती वेळ आंबवायचं यावर बोलायला लागल्या. मी आयुष्यात बरीच हिंमत पाहिली आहे, आमच्या खलाशांच्या घरातल्या बायकांची तर फारच. पण तव्यावर पीठ ओतून मरणाला दाराबाहेर उभं करणारी बाई मी एकच पाहिली, आणि ती माझी मैत्रीण आहे, हे मी आजही छाती फुगवून सांगते.

चहाचा दुसरा फेरा चालू होता, तेव्हा फोन वाजला. अनोळखी नंबर, तिकडचा. तिनं तो उचलला आणि घाईत स्पीकर चालू झाला. आधी नुसता गलका. गाड्या, भांडी, कुणीतरी ओरडतंय. मग एक आवाज, खणखणीत, खेकसणारा. आम्हाला एक शब्द कळत नव्हता, आणि तो आवाज कुणाचा हे सगळ्यांना कळलं.

"हूयो!" ती किंचाळली आणि मटकन खाली बसली.

तिकडून बोलणं चालूच. दम न घेता. मुलगी रडतेय, आई बोलतेय. शेवटी मला राहवेना, मी तिला गदागदा हलवलं. "अगं, काय म्हणतेय?"

"डाँट रही है," ती हुंदके देत म्हणाली. "पूछ रही है, इतना फ़ोन क्यों करती हो, लोगों को काम नहीं है क्या."

स्फोट झाला तेव्हा हूयो पाणी आणायला मागच्या विहिरीकडे गेली होती. परत आली तर दुकान नव्हतं. तिचा फोन दुकानातच होता, तो गेला. दंडाला काच लागली होती, ती तिनं कपड्यानं बांधली. पातेलं रस्त्याच्या कडेला सापडलं, एका बाजूनं चेपलेलं पण भोक न पडलेलं. आणि मग ती सापडत का नव्हती? कारण ती मागच्या गल्लीत एका अंगणात शेगडी मांडून भात शिजवत होती. शेजारच्या शिंप्याच्या घरचा मुलगा गेला होता. पलीकडच्या दोन घरांतही माणसं गेली होती. तिच्याकडे रोज बिनसाखरेचा चहा पिणारा म्हातारा गेला होता, आणि त्याच्या घरी तर रांधायला दुसरं कुणीच नव्हतं. त्या घरांत चुली पेटणार नव्हत्या. म्हणून दिवस उजाडल्यापासून हूयो त्यांच्यासाठी रांधत होती, त्याच चेपलेल्या पातेल्यात.

मैत्रिणीनं हे आम्हाला हिंदीत सांगितलं, तेव्हा भाभींनी ओढणीचं टोक तोंडाला लावलं. इकडे आम्ही जिचं मयताचं जेवण रांधत होतो, ती तिकडे दुसऱ्यांच्या मयताचं जेवण रांधत होती. मला रडू फुटलं. लाज नाही, मी मोठ्यानं रडले.

"भात लागेल, ठेवते," असं म्हणून हूयोनं फोन बंद केला.

त्यानंतर माझ्या मैत्रिणीनं मान वर करून जीभ हलवत असा आवाज काढला, की माझ्या कानठळ्या बसल्या. त्यांच्याकडे लग्नात, बारशात, आनंदाच्या वेळी बायका असा आवाज काढतात. खालच्या मजल्यावरच्या मिसरी, म्हणजे इजिप्तच्या, बाईला तो कळला. तिनं काहीही न विचारता खिडकीतून तसाच आवाज उलटा पाठवला. आमच्या बायकांना तो जमत नव्हता तरी सगळ्या करायला लागल्या. इमारतीचा हारिस, म्हणजे रखवालदार, आग लागली समजून जिना चढून आला. भाभींनी त्याच्या हातात अंजेरो दिला.

मग आणलेल्या जेवणाचं काय करायचं, हा प्रश्न आला. मैत्रीण म्हणाली, हूयो ज्यांच्यासाठी रांधतेय, त्यांच्या नावानं. भाभींनी पांढरं फडकं सोडलं, त्या घरांतल्या मेलेल्यांसाठी, नाव माहीत नसलेल्यांसाठी फातिहा पढली, आणि आम्ही सगळ्या तो साधा डाळ-भात बसून जेवलो. जुम्म्याहून परतलेले पुरुषही जेवले. जमातीच्या ग्रुपवर मी स्वतः कळवलं, की सोमालीची आई खणखणीत आहे आणि इन्ना लिल्लाही लिहिणाऱ्यांनी आता माशाल्ला लिहावं. माझ्या नवऱ्याच्या मते हे जरा जास्त झालं. मला तसं अजिबात वाटत नाही.

मैत्रिणीनं भाताच्या प्रत्येक घासाबरोबर केळं खाल्लं. त्या दिवशी मी तिला काही बोलले नाही.

पुढच्या काही दिवसांत मी भिंतीपलीकडच्या भांडणाची वाट पाहत होते. आता ती आईला म्हणणार, बस झालं, दुकान कायमचं मिटव. मी तिच्या जागी असते तर हेच म्हटलं असतं. विमानात घालून उचलून आणलं असतं. तिनं तसं काही केलं नाही. मग एके दिवशी दुपारच्या चहाला ती एकदम म्हणाली, "दीदी, मैं ग़लत लड़ रही थी." तिला वाटत होतं, आईला मुलाचं दुःख नाही म्हणून ती त्याच जागी उभी राहते. आता तिला कळलं होतं, की आई तिथं उभी राहते ती दुःखामुळेच. स्फोट करणाऱ्या माणसांना हवं होतं, की लोकांनी घरात बसावं, एकमेकांकडे संशयानं बघावं, संध्याकाळी कुणी बाहेर चहा पिऊ नये. आणि ही हाडकुळी म्हातारी रोज बाक बाहेर मांडून त्यांना हरवत होती. त्या दुपारनंतर भिंतीपलीकडून भांडणं ऐकू आली, पण ती वेगळीच होती. पत्रा कोणता घालायचा, खांबांना रंग कोणता, बाक कुठे ठेवायचे. रंग हिरवा की निळा, यावर मायलेकी एक अख्खा आठवडा भांडल्या.

दुकान पुन्हा उघडायचा दिवस शुक्रवारच निघाला. माझ्या बैठकीतल्या मोठ्या टीव्हीवर फोन जोडून दिला होता माझ्या मुलीनं. ती आणि तिचा भाऊ कधी नव्हे ते सकाळी उठून बसले होते. म्हसळ्याच्या भाभी आल्या, मागे त्यांची सगळी फौज, या वेळी भांड्यांत शिरखुर्मा. मिसरी बाई आली. पडद्यावर वळण दिसत होतं, नवा पत्रा उन्हात चमकत होता, खांब निळे. म्हणजे मुलगी जिंकली होती. एका भिंतीला अजून काळे डाग होते, त्यांवर हूयोनं रंग दिला नव्हता. भांडी लटकत होती, चेपलेलं पातेलं शेगडीवर होतं आणि हूयो उभी होती, दंडाला पट्टी. तिनं आमच्याकडे पाहून हात हलवला आणि लगेच कुणावर तरी खेकसली.

पहिला आला तो शेजारचा शिंपी. ज्याचा मुलगा गेला, तो. तो येऊन रस्त्याकडे तोंड करून बाकावर बसला. हूयोनं त्याच्या हातात पेला दिला आणि क्षणभर त्याच्या खांद्यावर हात ठेवला. मग माणसं आली. एकेक, मग दोघं-दोघं, मग घोळक्यानं. रिक्षावाले रिक्षा रस्त्यातच सोडून आले. कॉलेजच्या मुली पुस्तकं छातीशी धरून आल्या. बाक भरले, तसे लोक उभे राहून प्यायला लागले; एक माणूस फुटक्या भिंतीवर चढून बसला. कुणी तरी गाणं लावलं. माझ्या बैठकीत आम्ही सगळ्या उभ्या राहून टाळ्या वाजवत होतो आणि आमच्या भाभी, ज्यांना पायांमुळे उठवत नाही, त्या सगळ्यात पुढं होत्या.

मग पडद्यावर हूयोनं पातेलं दोन्ही हातांनी उचललं आणि आमच्या दिशेनं उलटं केलं. त्यातून एक थेंब पडला. चहा संपला होता, आणि रांग अजून वळणाच्या पलीकडे होती.

माझी मैत्रीण टीव्हीच्या काचेला नाक लावून आईवर ओरडायला लागली. दोघी एकाच वेळी बोलत होत्या. मी विचारलं, काय झालं, कशाला भांडतेस आज तरी?

"डाँट रही हूँ," ती माझ्याकडे वळून म्हणाली. "इतनी छोटी पतीली! कल से बड़ी चढ़ाओ."